जमिनीवरून उठताना

४ जून

ती. अक्कास,
शि. सा. न. वि. वि.

तुझी गुडघेदुखी उतारावर आहे हे वाचून जीव भांड्यात पडला. इकडे मात्र मी न्हाणीघरात घसरलो. लागलं काही नाही, पण उठताच येईना. मुलगा-सूनबाई कामावर, नात मैत्रिणीकडे. भिंतीला टेकून बसून राहिलो. तुझी भावजय असती तर आधी हसली असती, मग हात दिला असता.

मुलाने येऊन उचललं. रागावला नाही. म्हणाला, "बाबा, आता काही करू नका, नुसते बसा." तेव्हापासून भाजीची पिशवीही मला देत नाहीत. काल बल्ब गेला, तर बाहेरचा माणूस बोलावला. जन्म शिडीवर काढलेला वायरमन मी, खालून बघत बसलो. सगळे प्रेमानेच वागतात गं, तेच तर जड जातं.

गल्लीच्या टोकाला व्यायामशाळा आहे. तिथे नाव घातलंय. घरी बोललो नाही.

लोभ आहेच, तो आटू देऊ नकोस.

तुझा,
खारू

१५ जून

चि. खारूस,
अनेक आशीर्वाद.

आधी हसले, मग डोळे पुसले. लहानपणी तुला झाडावरून उतरवायला माणसं लागत, आता जमिनीवरून उठायला तालीम! पण घरी सांगून टाक. चोरून करायला तू काय विड्या ओढतोयस?

मलाही लेक-जावई फुलासारखं जपतात. कामाला हात लावू देत नाहीत. दुपारी घर खायला उठतं. कुणी विचारत नाही, मीही सांगत नाही. तू मात्र नुसतं 'बरा आहे' लिहू नकोस. बरा नसशील तरी लिही.

तुझी काळजी करणारी,
अक्का

२ ऑगस्ट

ती. अक्कास,
शि. सा. न. वि. वि.

तुझं ऐकलं नाही, घरी गप्पच राहिलो. शिकवणारी पोरगी मला वजनांना हात लावू देत नाही. खाली बसायचं, कुशीवर वळायचं, गुडघा टेकून उठायचं, बस. शेजारी तगडी पोरं आरशात दंड बघतात. माझ्याशी कुणी बोलत नाही. कितीदा वाटलं, सोडून द्यावं.

रविवारी नातीचा चेंडू पलंगाखाली गेला. कुणाला न विचारता मी खाली बसलो. मुलगा धावत आला, हात पुढे केला. म्हटलं, "थांब जरा." कुशीवर वळलो, गुडघा टेकला आणि उठलो. धापा टाकत, पण उठलो.

त्याचा हात तसाच हवेत राहिला होता. चेहरा एवढासा झालेला. तेव्हा उमगलं, तो घाबरलाय. आई गेली, आता बापाचंही काही होईल म्हणून. मग मीच त्याचा हात धरला.

संध्याकाळी पुन्हा जो तो आपापल्या खोलीत. एकटेपणा काही गेला नाही, अक्का. पण पुढच्या आठवड्यात तुझ्याकडे येतोय. एकटाच जाणार म्हणालो. मुलगा गाडीचं तिकीट काढायला उठला. मग म्हणाला, "खिडकीजवळची जागा घेऊ ना, बाबा?"

भेटीअंती बोलूच. तोवर माया असू दे.

तुझा,
खारू