कोठीतला राजसाप

प्रिय बाबा,

शिकागोत मी मजेत आहे, थंडीची काळजी करू नका.

तुम्ही आपल्या कोठीतून पकडून उशीच्या खोळीत बांधून दिलेला बिनविषारी राजसापही बरा आहे. काचेच्या पेटीवर दिवा लावते, पाणी बदलते. पण उंदराकडे तो बघतही नाही. माझ्या खोलीतली मेव्हिस म्हणते, "लोक लेकीला गोधडी देतात, तुझ्या बापानं साप दिला."

मक्याच्या कोठीत शेपटी वाजवणारा विषारी खुळखुळ्या साप शिरलाय, हे तुम्ही लिहिलं नाहीत, आत्यानं कळवलं. हा तिथं असता तर त्यानं तो गिळलाच असता. म्हणूनच तर आपल्याकडे राजसापाला कुणी मारत नाही. तुम्ही तो देत होतात तेव्हाच मी नको म्हणायला हवं होतं.

वसंतात त्याला परत आणते. तोवर बूट घालूनच कोठीत जाल ना?

तो मला सोबत म्हणून दिलात. इथं आम्ही दोघं आहोत, बाबा. एकटे तुम्हीच उरलात.

तुमची,
लोरेटा