पूर्व-पश्चिम वाढीचा नियम

२ जानेवारी
संकल्प : यंदा संशोधनाचा पेपर छापून आणायचाच. रोज सकाळी दोन पानं, चहाच्या आधी.
अंगणातल्या झाडावरच्या ग्राफिस लायकेनच्या डागाचं यंदाचं ट्रेसिंग आज केलं. पारदर्शक कागद खोडावर धरायचा, डागाची कड पेनने गिरवायची. सगळ्या वर्षांचे कागद एकावर एक ठेवून पाहिले. डाग दरवर्षी रुंद होतोय! उंची मात्र होती तेवढीच. म्हणजे हे लायकेन फक्त आडवं वाढतं, सूर्याच्या वाटेने. जगात कोणाच्याही हे लक्षात आलेलं नाही. ‘पूर्व-पश्चिम वाढीचा नियम’. पुढे माझं आडनाव लावावं का? नंतर ठरवू. लावावं.
हिला कागद दाखवले. ही बँकेत निघाली होती. छान आहे म्हणाली, आणि कपडे तेवढे वाळत घाला.

३ जानेवारी
चहा आधी झाला. उद्यापासून.

१९ जानेवारी
मेहुणा जेवायला. झाडाला कसला रोग झालाय, खरडून टाका म्हणाला. शांतपणे समजावलं. हे लायकेन; बुरशी आणि शेवाळ यांचा एकत्र संसार. राखाडी पापुद्रा, त्यावर काळ्या रेघोट्या, कोणीतरी घाईत लिहिल्यासारख्या. असं घट्ट बसतं की साल काढल्याशिवाय निघत नाही. तो म्हणाला, म्हणजे बांडगूळच की. आणि माझ्याकडे बघून हसला.
मी सुनावलं की बांडगूळ झाडाच्या जिवावर जगतं. लायकेन झाडाकडून काहीही घेत नाही, फक्त बसायला जागा. तो म्हणाला, आणि दोन वेळचं जेवण? हिने त्याला दटावलं. पण हसू दाबून दटावलं, ते मी पाहिलं.
टायरचं दुकान आहे त्याचं. त्याच्याकडून काय अपेक्षा करणार.

११ फेब्रुवारी
कपड्यांची दोरी तुटली. एक टोक खिडकीच्या गजाला, दुसऱ्याचा झाडाभोवती वेढा. वेढ्यातच तुटली. धुतलेल्या चादरी मातीत. ही म्हणाली, मागचीही इथेच तुटली होती, झाडाला करकचून बसते. मी म्हटलं, हल्ली दोऱ्याच टाकाऊ येतात. तिने नवी आणली आणि वेढा चांगला सैल ठेवला. चादरीही तिनेच पुन्हा धुतल्या. मी प्रस्तावनेत होतो.

६ एप्रिल
राजीनाम्याचा वाढदिवस. विभागप्रमुखाची खुर्ची माझ्या हाताखालच्या बाईंना दिली, तेव्हा प्राचार्यांच्या तोंडावर राजीनामा फेकला होता. प्राचार्य रजेवर होते, म्हणून शिपायाकडे दिला. पण आविर्भाव फेकण्याचाच होता. वाटलं होतं आठवड्यात बोलावणं येईल. अजूनही आठवलं की तळपायाची आग मस्तकात जाते. त्या बाईंना भिंग कसं धरायचं ते मी शिकवलं!
पेपर छापून आला की येतील धावत.
लिहून झालं : दीड पान. पण भक्कम.

२१ जून
हिला बढती. शाखाधिकारी. बदली मात्र फार लांब. राहतं घर बँकेचं, म्हणजे तेही सोडावं लागणार. तिने विचारलं, येणार का? मी म्हटलं, पेपर होईपर्यंत झाड सोडता येत नाही. ती म्हणाली, वाटलंच होतं. आणि कणीक मळायला घेतली. नेहमीपेक्षा बराच वेळ मळली.

४ जुलै
कहर! हिने परस्पर विभागप्रमुख बाईंना फोन केला. त्या रविवारी येऊन कागद बघणार. आधी भडकलो. मग विचार केला, येऊ द्या. तोंडात बोट घालतील. तेव्हा मोठ्या मनाने वागायचं, मागचं काढायचं नाही.
ही म्हणाली, बाईंनी काम खरं आहे म्हटलं तर मी बदली नाकारते, बढतीसकट. मी दाढी करत होतो. बरं म्हटलं.

८ जुलै, दुपारी
बाई आल्या. अजून ‘सर’ म्हणतात. कागद पाहिले, डागाला भिंग लावलं. ग्राफिसच आहे म्हणाल्या. (आभारी आहे!) मग हळूच विचारलं, सर, बुंध्याचा घेर दरवर्षी किती वाढला?
मी म्हटलं, बुंध्याचा काय संबंध?
त्यांनी भिंग मिटलं. मग म्हणाल्या, झाड जाड होतं तशी साल ताणली जाते, सर. तिच्यावरचा डागही ताणला जातो, आडवाच. लायकेन वाढलंच नसेल.
मी हिच्याकडे पाहिलं. ही दोरीच्या वेढ्याकडे बघत होती. तो आता सैल नव्हता.
मत्सर! दुसरं काय. चहासुद्धा अर्धा टाकून गेल्या.

९ जुलै
ही टाकून काही देत नाही. दोन्ही तुटक्या दोऱ्यांचे वेढे माळ्यावर सापडले. झाडाला लावून पाहिले. जुना वीतभर कमी पडला, नंतरचा चार बोटं.
पुन्हा लावून पाहिले.
झाड वाढलं. वर बसलेला होता तेवढाच राहिला.
ही दारात उभी होती. घेर मोजला नव्हता, एवढंच म्हणालो. ती म्हणाली, माहीत आहे मला. आणि बँकेत होकार कळवायला गेली.

३० ऑगस्ट
टेम्पो भरला. मी म्हटलं, मीही येतो, आता इथे काही अडत नाही. ती म्हणाली, तिथे एकटीपुरती खोली घेतलीय. माझ्या राहण्याचं भावाशी बोलून ठेवलंय म्हणे. रडली नाही. मी रडलो, टेम्पो वळल्यावर.

१ सप्टेंबर
टायरच्या दुकानावरची खोली. रबराचा वास. खिडकीतून एकही झाड दिसत नाही. तिची फार आठवण येते.
संकल्प : मेहुण्याकडून काहीही घ्यायचं नाही. फक्त राहायला जागा. जेवायला हाक मारली तेव्हा ठणकावून नको म्हटलं.

दुपारी
पुन्हा हाक मारली. जेवलो. भात दोनदा घेतला.