दोन बहिणी व एक लाल चौकट

प्रति,
मा. संचालक,
विभागीय औषधवाटप कार्यालय,
सान एलाडिओ, उरुग्वे.

विषय : आम्ही दोघी बहिणी जिवंत असेपर्यंत आपल्या पडद्यावरील एक चौकट लाल राहू देण्याबाबत.

संदर्भ : माझा मागील अर्ज व त्यावर आपण जिन्यात दिलेले तोंडी उत्तर.

महोदय,

मी, ओलिंदा एचेगाराय, निवृत्त शिवणशिक्षिका, सविनय कळविते की, ओलिंपिया ही माझी जुळी बहीण असून आम्ही एकाच घरात राहतो. तिला रोज इन्सुलिन लागते, मला रक्तदाबाची गोळी. नवी संगणक व्यवस्था येईपर्यंत दोन्ही औषधे आपल्या खिडकीवर विनातक्रार मिळत होती. त्यानंतर मात्र "यादीत एचेगाराय एकच आहे" असे सांगण्यात येऊ लागले.

२. आपले तंत्रज्ञ श्री. फाकुंदो लारोसा यांनी मला आत बसवून, मातेचा कडू चहा पाजून, संगणकाचा पडदा दाखविला. त्यावर चौकटी बाणांनी जोडलेल्या आहेत. दवाखान्याची यादी एका टोकाने शिरते, चौकटीचौकटींतून निवडली-जुळवली जाते व दुसऱ्या टोकाने खिडकीवर पोहोचते. काम सुरळीत असल्यास चौकट हिरवी, बिघडल्यास लाल. लाल होताच आपल्या फोनवर सूचना जाते. कोणत्याही बाणावर बोट ठेवले की तिथून काय वाहते आहे ते दिसते. त्यांनी बोट ठेवले. 'दुबार नोंदी काढा' या चौकटीत आम्ही दोघी शिरलो होतो. बाहेर एकटी ओलिंपिया आली. दवाखाना ओळखक्रमांक पाठवीत नाही, आणि आमचे आडनाव, जन्मतारीख, पत्ता व नावाचे पहिले अक्षर एकच. "ओलिंदाबाई, या चौकटीच्या मते तुम्ही दोघी म्हणजे एकच बाई, चुकून दोनदा लिहिलेली," असे ते म्हणाले. नावे ठेवताना आमच्या आईचेही तेच मत असावे.

३. जिने शेवटी औषध नेले तिची नोंद राहते, असा चौकटीचा नियम आहे. म्हणजे मी खिडकीवर विनवणी करून गोळ्या नेल्या की यादीतून ओलिंपिया नाहीशी होते. सबब मी गोळ्या नेणे बंद केले व बहिणीने विचारल्यास "घेतल्या" असे सांगत गेले. पुढे रविवारच्या बाजारात भोपळा निवडताना मी कोसळले. मी शुद्धीवर येताच ओलिंपियाने "मूर्ख बाई, मला विचारायचं तरी होतंस!" असे चारचौघांत रडत सुनावले. हे नमूद करण्याचे कारण एवढेच की, त्या वेळी आम्ही दोघी तिथे असल्याचे सर्व बाजाराने पाहिले आहे.

४. हे कळल्यावर श्री. लारोसा यांनी ती चौकट बाजूला काढली. दुसऱ्या सकाळी दोघींची नावे आली, दोघींना औषध मिळाले. परंतु पुढची तपासणीची चौकट 'दुबार नोंद आढळली' म्हणून लाल झाली, आपला फोन वाजला, आणि राजधानीहून पाहुणे यायचे असल्याने आपण पूर्वीची चौकट परत बसविली. मी जिन्यात गाठले असता आपण म्हणालात, "बाई, सगळं हिरवं आहे, मग तक्रार कसली?" त्याचे उत्तर आता लेखी सादर करते : मला वगळले आहे म्हणून ते हिरवे आहे.

५. तरी विनंती की, दवाखाना ओळखक्रमांक पाठवू लागेपर्यंत ती चौकट काढून टाकावी व तपासणीची चौकट लाल राहू द्यावी. पाहुण्यांनी विचारल्यास "त्या दोन बहिणी आहेत" असे सांगावे. फोनचा उपद्रव होत असल्यास ती सूचना माझ्या फोनवर वळवावी. लाल झाल्याचे कळले की मला बरेच वाटेल.

६. हे न जमल्यास ओलिंपियाचे नाव कायम ठेवून माझे काढावे, असे मी येथे लिहिले होते. ते बहिणीने खोडून समासात "हिचं काही ऐकू नका" असे लिहिले आहे. खाडाखोडीबद्दल क्षमस्व. नवा कागद घेऊ देत नाही.

उत्तर मिळेपर्यंत आपल्या जिन्याखालच्या बाकावर बसून असलेल्या,

ओलिंदा एचेगाराय
ओलिंपिया एचेगाराय (सही वेगळी आहे, कृपया ताडून पाहावी)

दिनांक : ९ मे