मिलिटरीची जाई

आण्णा,

तुमची मिलिटरीची जाई कवठे महांकाळात फुलली, हे आधी सांगून टाकते. बाकीचं मागून. काल संध्याकाळी पांढरीशुभ्र उमललेली फुलं आज पिवळी पडलीत आणि शेजारी नवी पांढरी तयार आहेत, अगदी आपल्या पाटणच्या घरी व्हायचं तसं. शेजारीण कुंपणाशी वास घेत उभी राहिली आणि म्हणाली, "आवं बाई, तुमच्या हाताला गुण हाय!" तुम्ही ऐकायला हवं होतंत.

कारण तुम्ही नेमकं उलटं म्हणाला होतात. पहाडातल्या पलटणीतून सुट्टीवर येताना तुम्ही तो वेल ओल्या पोत्यात गुंडाळून आणलात आणि परसातल्या भिंतीला लावलात. हनीसकल हे नाव आईच्या तोंडात बसेना, म्हणून ती मिलिटरीची जाई. मी आठ-नऊ वर्षांची. एक फांदी तोडून डालड्याच्या डब्यात खोचली आणि मुळं फुटली का म्हणून रोज उपटून बघायची. वाळली तेव्हा शेळीनं खाल्ली असं ठोकून दिलं. तुम्ही मिशीत हसलात. "शेळी मुळं तपासून खाती व्हय गं?" मग हसू थांबवून म्हणालात, "तुज्या हाताला काय लागायचं न्हाई. लय चुळबुळा हात." पोरीची चेष्टाच ती, पण मला फार लागली. पन्नास वर्षं लागून राहिली.

गेल्या वर्षी भावाचा फोन आला. रस्ता रुंद होणार, दिवाळीनंतर भिंत पाडणार. वेलाचं खोड भिंतीच्या दगडांत असं रुतलेलं, की काढायला गेलं तर मोडणारच. घर नवं झालंय, तुमच्या हातचं म्हणून तेवढंच उरलं होतं. उन्हाळ्यापासून मी तीनदा फांद्या कापून इकडे आणल्या, तिन्ही वेळा वाळल्या. प्रत्येक वेळी तुमचा आवाज ऐकू यायचा.

नागपंचमीला माहेरी गेले ती पर्समध्ये कात्री घेऊनच. वेलापाशी उभी राहते तोच वहिनी धावत आली. "आवं वन्सं, आज पंचमी! आज काय कापायचं न्हाई, माती उकरायची न्हाई." मी चिडले. दुसऱ्या दिवशी आमच्या ह्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन, संध्याकाळच्या गाडीनं परतायचंच होतं. पण त्या घरात पंचमीला आपण भाजीसुद्धा चिरत नाही, कात्री कुठली चालवणार? तशीच बसून राहिले. आणि तुमची उसाची लागण डोळ्यांपुढे आली. तुम्ही कांडी सरीत आडवी ठेवताय, टाचेनं दाबताय आणि मला सांगताय, "आडवी निजवायची, दाबायची आन् इसरायची."

मग मी काही कापलं नाही, काही उकरलं नाही. आधीच मातीनं भरलेली, रोप नसलेली एक कुंडी वेलाखाली सरकवली, एक लांब फांदी वेलापासून न तोडता तिच्यातल्या मातीवर आडवी निजवली, वर गोणीतलं खत ओंजळीनं टाकलं आणि दगड ठेवला. नागही खूश, वहिनीही खूश. दिवाळीला जाऊन फांदी आईवेलापासून सोडवली तेव्हा खाली मुळांचा झुबका होता. कुंडी मांडीवर घेऊन एसटीनं आले. आठवड्यानं भिंत पडली, आणि मी रडले नाही.

आता त्या एकीच्या अकरा झाल्यात, सगळ्या आडव्या निजवून. पहिली भावाच्या नव्या भिंतीला गेली. हरले होते ते सगळं वसूल केलं, आण्णा. जिंकले मी!

हे पत्र टाकायचं कुठे, ते काही ठाऊक नाही. उशाखालच्या वहीत राहील. म्हणून एक गोष्ट लिहायला हरकत नाही. पंचमीपासून दिवाळीपर्यंत त्या मातीला हात लावला नाही, असं मी सगळ्यांना छातीठोकपणे सांगते. पण मधे गौरीला गेले होते, तेव्हा वहिनी आरतीत असताना दगड सरकवून बोट घातलं होतं. बोटाला मुळं लागली. दगड होता तसा ठेवला आणि आरतीला जाऊन उभी राहिले. शेळीवर ढकलायला या वेळी शेळीही नव्हती.