बाईसाहेबांची उजवी बाजू

२ फेब्रुवारी
ती. काका यांस,
शि. सा. न. वि. वि.
तुमचं खेचर, म्हणजे आपल्या बाईसाहेब, ठणठणीत आहेत. तुम्ही कंबरेचं हाड मोडून शहरात दादाकडे जाऊन पडलात, त्याचं त्यांना काडीचंही दुःख नाही. दादाचं म्हणणं, बाबांना आता आपली चढण चढवणार नाही, त्यांनी इथेच राहावं आणि खेचर विकून टाकावं. म्हणून मीच बाईसाहेबांना हाती घेतलंय, तुम्हाला पाठीवरून घरी आणायला. सध्या खोगीर नाही, स्वारी नाही. नुसता दोर धरून चालणं आणि थांबणं. मी पुढे ओढते, त्या मागे रेलतात. काल त्यांनीच मला अंगणभर फिरवलं. स्वभाव अगदी तुमच्यावर गेलाय. उपाय कळवा आणि रागावलात तरी माया पातळ करू नका.
तुमची चिखलात लोळलेली पुतणी

१४ फेब्रुवारी
चि. वटवट हिला,
अ. उ. आ.
ओढतेस कशाला? ओढाओढीत ती तुला हार जाणार नाही. दोर किंचित ताणून गप्प उभी राहा. तिनं एक पाय उचलला की तत्क्षणी सैल सोड. तेच तिचं बक्षीस. मग पाठीवर चढायच्या कट्ट्यापाशी स्थिर उभं राहायला शिकव.
इथे व्यायामाची बाई रोज माझे हात धरून ओढते. मी पलंग सोडत नाही. दादा गिऱ्हाईक शोधतोय. लवकर कर, मला घरी यायचंय.
तुझ्यावर जीव असलेला,
काका

२० मार्च
ती. काका यांस,
शि. सा. न. वि. वि.
बाईसाहेब सैल दोरानं मागे येतात, कट्ट्यापाशी खांबासारख्या उभ्या राहतात. डावीकडून पाठीवर वाळूचं पोतं टाकलं तरी कान हलत नाही. मी स्वतःचीच पाठ थोपटत होते, तेवढ्यात आईनं विचारलं, भावजींच्या कंबरेची कोणती बाजू मोडलीय? डावी! म्हणजे डाव्या पायावर भार देता येणार नाही, तुम्हाला उजवीकडून चढावं लागणार. मी उजवीकडे गेले तर बाईसाहेबांनी ओळखच दाखवली नाही, वर लाथ झाडली. सगळं पुन्हा पहिल्यापासून. काका, मला रडू फुटलं. तुमच्याशिवाय या घरात करमत नाही. वहिनीला फोनवर एक युक्ती सांगितली आहे, ती कळेलच. तेव्हाही लोभ शाबूत ठेवा.
तुमची वटवट

११ एप्रिल
चि. वटवट हिला,
अ. उ. आ.
व्यायामाच्या बाईनं ओढणं सोडलं. परवा माझा हात जेमतेम धरून ती खिडकीबाहेर बघत उभी राहिली. वैतागून मी एक पाऊल टाकलं, तशी तिनं हात सोडला. पुन्हा धरला, मी दुसरं टाकलं. दारापर्यंत पोचलो तर सूनबाई हसून हसून बेजार, आणि माझ्या डोक्यात प्रकाश पडला. काकाला खेचर समजतेस? कान उपटायला येतोय. दादानं मला चालताना पाहिलं आणि गिऱ्हाइकाला नकार कळवला.
रविवारी बाईसाहेबांना चढणीच्या पायथ्याशी आण. उजवीकडून चढताना ती उभी राहिली नाही, किंवा ऐन वेळी मीच अडून बसलो, तर गडबडू नकोस. दोर सैल सोड आणि आमच्याकडे पाठ करून चालू लाग. आम्ही दोघं येऊ मागून.
भेटीची वाट पाहणारा,
काका