तुमच्या बंधुराजांनी मागवलेला डॉक्टर

ती. वन्संना साष्टांग नमस्कार.

तुमचे गुडघे आता बरे असतील. माझी कंबर आहे तशीच आहे. तिची चौकशी तुम्ही केलीत असं समजून पुढे लिहिते.

तुमचे बंधुराज नगरसेवक झाल्यापासून घरात पाऊल ठेवायला जागा नाही (माणसांमुळे म्हणाल तर नाही, माणसांना उभं राहायलाच जागा नाही). त्यांची दुकानातली सवय तुम्हाला ठाऊकच आहे. कुणी कुठलाही धर्मग्रंथ मागो, असला तर खाकी कागदात बांधून द्यायचा, नसला तर "मागवलाय, पुढच्या आठवड्यात या" म्हणायचं. देवाचं पुस्तक मागणाऱ्याला नाही म्हणायचं नाही, ही मामंजींची शिकवण. पुढे लोक पुस्तकाबरोबर नळाचं, दिव्याचं रडगाणंही तिथेच गाऊ लागले आणि ह्यांच्या तोंडून सवयीनं तेच उत्तर निघालं. लोकांना वाटलं, काय खात्रीचा माणूस! धरून निवडणुकीला उभं केलं आणि निवडूनही आणलं.

नगरपालिकेत मागवलेलं काही येत नाही, हे ह्यांना कुणी सांगितलं नव्हतं. पण आठवड्यानं गिऱ्हाईक दारात उभं राहिलं की ह्यांचा जीव कासावीस. मग बागेची बाकं पदरमोड करून आणली. ती कुठे ठेवायची याचा ठराव होईपर्यंत आपल्या बैठकीत आहेत. रस्त्याचा दिवा माझ्या पलंगाखाली, त्याचा खांब जिन्यात. कचराकुंड्या स्वयंपाकघरात, त्याही खाकी कागदात बांधलेल्या. वर्तमानपत्रात 'दानशूर' म्हणून फोटो आला, तो मी त्यातल्याच एका कुंडीवर चिकटवलाय.

आता मुद्द्याचं. दवाखाना हवा म्हणून वस्तीतल्या बायका आल्या आणि हे नेहमीचंच बोलून बसले. डॉक्टर मिळालाही, जागा मिळेना. म्हणून दुकानच देऊन टाकायला निघालेत. मी विचारलं, "मग सकाळी उठून तुम्ही जाणार कुठे?" तर म्हणाले, "रांगेत बसेन. माझाही खोकला जुनाच आहे." मला हसू आलं नाही, वन्सं. लग्न झाल्यापासून त्या गल्ल्यामागे मी बसतेय. ते दुकान जाणार म्हटल्यापासून गल्ल्याची किल्ली मी पदराला बांधून ठेवलीय. जागा तुम्हा दोघा भावंडांच्या नावावर आहे. कागद आले तर कृपा करून सही करू नका. हे जगात फक्त तुम्हालाच भितात.

तुमची,
भावजय

ता. क. काल हे सभेला गेले असताना दिवस भरत आलेली एक मुलगी दुकानात आली. धापा टाकत स्टुलावर टेकली आणि डॉक्टर कधी बसणार म्हणून विचारू लागली. मी नाही म्हणायलाच तोंड उघडलं होतं, आणि निघालं काय, तर "मागवलेत, पुढच्या आठवड्यात या." ती निर्धास्त होऊन गेली. तेव्हापासून मला घास गोड लागत नाही. तरी कागद आले की लगेच सही करून उलट टपाली पाठवा.

आणखी एक ता. क. पुस्तकांची कपाटं टेम्पोत घालून तुमच्याकडे रवाना केली आहेत. बाहेरची खोली रिकामी ठेवा. आणि शेजारच्या कुणी एखादं पुस्तक मागितलंच, तर तेवढं नाही म्हणू नका.