खाडीच्या अल्याडून

चि. सौ. श्रीदेवीस,
बेंबळीहून तुझ्या बापाचा आशीर्वाद.

नावामागं सौ. लिहायला मला अकरा वर्षं लागली. तुझ्या लग्नाला म्या आलो न्हाय. पण गेल्या महिन्यात तुझ्या गावापत्तोर आलतो, हे तुला ठाऊक नसंल. तुझी आई गेल्यापासून घर खायला उठतंय, म्हणून कोकणातली एसटी धरली. संगं शेंगाचटणी घेतली.

खाडीच्या अल्याड उतरलो. दोन डोंगरांमधी चिंचोळी खाडी, पल्याड तुमची कौलारू घरं. पण खाडीत नुसता चिखल, अन् होडी त्यात कलंडलेली. मासळी वाळवणारी एक म्हातारी म्हणाली, "पूर्वी इथवर गलबतं येत. मग गाळ भरला नि बंदर बंद झालं." म्या समजलो, खाडी आटली. आपल्याकडं तळं आटलं की पावसाळ्याबिगर भरत न्हाय. अर्धा तास उभा राहिलो अन् माघारी फिरलो.

काल शाळेतल्या बाईंना हे सांगितलं, तर त्या हसल्या. "काका, ती ओहोटी होती. सहा तासांत पाणी आपोआप परत येतं."

चटणीचा डबा अजून पिशवीतच हाय. हे पत्र बी त्यातच ठेवतो.

पोरी, होडी कधी सुटंल, एवढं त्या म्हातारीला इचारलं असतं तरी कळलं असतं. म्या इचारलं न्हाय. तुझ्या दारात उभं राहून काय बोलायचं, ते सुचत नव्हतं. चिखल दिसला, अन् मला हायसं वाटलं.

तुझा बाप,
शरणप्पा